मिरीचा भात आणि आईची भूक

थंडीत आई सकाळी उपाशी निघते, हे मला कॉलेजात जायला लागल्यावर खटकू लागलं. आधीच खटकायला हवं होतं बहुतेक. घरात आम्ही दोघीच. ती अमरगोळच्या बाजार आवारात मिरच्या निवडते, मी धारवाडला शिकते. दोघींची बस सकाळची. कपभर चहा पिऊन, फडक्यात भाकरी आणि शेंगाची चटणी बांधून ती अंधारातच बाहेर पडते. या हिवाळ्यात तिला कामावर चक्कर आली, तेव्हा मी ठरवलं, पोटात काही गरम गेल्याशिवाय तिला जाऊ द्यायचं नाही.

मला स्वयंपाक फारसा येत नाही. शेजारच्या कन्नड काकू खारा पोंगल करतात, तो पाहिला होता. त्यांच्यासारखी मुगाची डाळ रात्रीच भाजून तांदळात मिसळून ठेवली. सकाळी तुपात मिरी, जिरं, आल्याची फोडणी दिली. पण नुसत्या मिरीनं आईचं भागणार नाही असं वाटलं, म्हणून आमचा कांदा-लसूण मसाला घातला आणि मूठभर मेथी. पाणी जास्त, कुकरच्या चार शिट्ट्या. तिची वेणी होईपर्यंत भात तयार.

आईनं ताटात डोकावून पाहिलं. "हे काय गं? पोंगल म्हणावं तर लाल, मसालेभात म्हणावा तर गिच्च."

"दोन्ही आहे."

"दोन्ही म्हणजे कुठलंच नाही की." हसली, एक घास खाल्ला. "छान झालंय. तू खा." आणि गेली.

मला वाटलं, तिखट जास्त झालं. दुसऱ्या दिवशी मसाला कमी केला. मग मेथी काढली. मग मेथी परत घातली आणि आलं वाढवलं. दररोज एक घास, दररोज "छान झालंय". छान झालंय तर खात का नाही? मी वर्गात बसून हाच विचार करत होते, आणि तास कशावर होता ते आता आठवत नाही.

एकदा पहिला तास नव्हता. मी भात डब्यात भरला, शालीत गुंडाळला आणि सरळ अमरगोळ गाठलं. मिरचीच्या ढिगांमधून जाताना शिंकांनी जीव गेला. बायका पोत्यांच्या आडोशाला उन्हात गोल करून बसल्या होत्या. मधे एक कापड, त्यावर सगळ्यांच्या भाकऱ्या एकत्र, चटण्या एकत्र. कोणाची कुठली ते कळत नव्हतं. आई त्या गोलातच होती, आणि भराभरा खात होती. इतक्या भुकेनं खाताना मी तिला घरी कधी पाहिलं नव्हतं.

सगळ्यात थोरल्या बाईला सगळ्या अक्का म्हणत. त्यांनी सरकून जागा केली. "ये गं मगळे, ये पोरी, कूत्को, बस इथं. डब्यात काय?"

मी डबा मधे ठेवला. एकीनं बोटानं चाखून पाहिलं. "अगं बाई, यात तांदूळ कुठला नि डाळ कुठली? कॉलेजात हे शिकवतात होय?"

"तुला निवडायला नाही दिलं, खायला दिलंय," अक्का म्हणाल्या. "मिरची न्हवं ती."

सगळ्या हसल्या. डबा पुसून निघाला. आईनंही खाल्लं, तोच भात, दोनदा घेऊन. मला आनंद व्हायला हवा होता. मी मात्र गोंधळून तिच्याकडे बघत राहिले.

ती मला फाटकापर्यंत सोडायला आली तेव्हा विचारलं, "घरी का खात नाहीस मग?"

तिनं पदराला हात पुसले. मग म्हणाली, "पहिल्यांदा आले तेव्हा मी एकटीच बसायची, त्या पोत्यांच्या पलीकडं. आडनाव सांगितलं होतं ना. कोणी हाकललं नाही. कोणी बोलावलंही नाही. एक दिवस अक्का उठून आल्या, माझ्या फडक्यातली भाकरी उचलली, मोडली आणि खाल्ली. तेव्हापासून गोलात बसते. भरल्या पोटी येऊन 'मला नको' म्हणायचं का त्यांना?"

"आता कोणी काही मनात आणणार नाही, आई."

"नाही आणणार."

"मग?"

"मग काय? बस चुकेल तुझी."

बसमध्ये मला अक्कांचा राग यावा की त्यांच्या पाया पडावं, हे ठरवता येईना. चक्कर तर खरीच होती. आणि आईचं म्हणणं चूक आहे असंही मला म्हणता येत नव्हतं.

आता मी कुकर मोठा लावते. भात शिजला की पळीभर वेगळा काढते, त्यात कढत पाणी घालून रवीनं घुसळते, वर मिरीपूड आणि तूप. पेजेसारखं होतं. पेला आईपुढे धरला तेव्हा ती म्हणाली, "अगं, मी खाऊन जात नाही, सांगितलं ना."

"हे पिणं आहे," मी म्हटलं.

तिनं माझ्याकडे बघितलं, मग पेल्याकडे. उभ्यानंच प्यायली. बाकीचा भात डब्यात, तिच्या भाकरीशेजारी. अमरगोळला पोचेपर्यंत तो गार होऊन घट्ट बसतो, तरी रिकामा डबा परत येतो. पेल्यानं भागतं का, मला माहीत नाही. चक्कर अजून परत आलेली नाही, एवढंच. उद्यासाठी डाळ भाजून ठेवली आहे.