इतरत्र आढळत नाही

मी शिकवतो त्या कॉलेजात प्राणिशास्त्राच्या बरण्या सांभाळणारे एक काका होते. फॉर्मॅलिनमधल्या अंगठ्याएवढ्या हवाईयन बॉबटेल स्क्विड या माकुळाच्या बरणीवर त्यांनी स्वतःच्या वळणदार अक्षरात चिठ्ठी डकवली होती: ‘फक्त हवाई बेटांजवळचा उथळ समुद्र. इतरत्र आढळत नाही.’

एका मुलीने विचारलं, “काका, मग पुण्यात कसा?”

“आढळत नाही म्हटलंय. ठेवत नाहीत, असं कुठे म्हटलंय?”

काका स्वतः धायरीतलं घर ते कॉलेज एवढ्याच पट्ट्यात आढळायचे. मुलगा त्यांना कायमचं अमेरिकेला नेणार होता, त्याच्या आदल्या दिवशीही ते बरण्याच पुसत होते.

“तिकडे करमेल ना?” मी विचारलं.

त्यांनी स्क्विडची बरणी उजेडात धरली.

“याला विचारा. इतकी वर्षं इथे आहे, एकदा तरी कुरकुरलाय?”