मामांनी बसवलेले शॉकअप

मामा गाडीचं बॉनेट आधी कधीच उघडत नसत. गाडी गॅरेजसमोर थांबली की ते हात पुसत बाहेर यायचे, पुढच्या चाकावरचा कोपरा तळहातानं सगळं वजन टाकून दाबायचे आणि हात झटकन काढून घ्यायचे. गाडी उसळायची, खाली बसायची. मामा मान तिरकी करून नुसते बघत राहायचे. एकदा उसळून शांत झाली तर म्हणायचे, "हाय आजून जीव." दोन-तीनदा डुलत राहिली तर सुस्कारा टाकून म्हणायचे, "ताई, हिला आता सोसवंना." एखाद्या म्हाताऱ्या गाईबद्दल बोलावं तसं.

छावणी ओलांडून पडेगावच्या रस्त्याला लागलं की डाव्या हाताला त्यांचं पत्र्याचं गॅरेज होतं. पाटी नव्हती. घरची शेती भाऊ बघायचे. मामा तरुणपणीच शहरात एका वर्कशॉपला लागले आणि नंतर स्वतःचं गॅरेज टाकून बसले. सगळे त्यांना मामाच म्हणत, त्यांच्याहून मोठे असलेले सुद्धा. अंगात कायम पांढरा शर्ट. संध्याकाळपर्यंत त्याचा रंग ओळखू यायचा नाही, पण दुसऱ्या दिवशी पुन्हा पांढरा स्वच्छ. "काळा घातला तर डाग दिसत न्हाईत," असं त्यांचं त्यावरचं उत्तर होतं, आणि त्याचं मला बरीच वर्षं फार कौतुक वाटायचं.

मी एका महाविद्यालयाच्या ग्रंथालयात नोकरी करते. माझी गाडी लहानशी, कुणाची तरी वापरलेली घेतलेली. पहिल्यांदा मामांकडे गेले तेव्हा ती खड्ड्यात गेली की खालून खट्खट् वाजायची. एका मोठ्या वर्कशॉपनं मला सगळे शॉकअप बदलायला सांगितलं होतं. मामांनी कोपरा दाबला, खाली वाकून बघितलं आणि म्हणाले, "शॉकअप चांगले हायेत. ह्या दांडीचं रबर गेलंय, ते वाजतंय. उगं बदलू नका. वर्षभर तरी हात लावू नका." रबर बदलल्यावर आवाज गेला. त्या दिवसापासून मी दुसरीकडं गाडी नेली नाही. कॉलेजातल्या सात-आठ जणांना मीच त्यांच्याकडं पाठवलं.

काम करता करता ते शिकवायचे. त्यांना विचारलेलं आवडायचं. "स्प्रिंग उडवती अन् शॉकअप आवरतं. घरात बी एक उडवणारं अन् एक आवरणारं लागतंच की." ब्रेक दाबल्यावर गाडी नाक खाली घालते का, टायर एकसारखा न झिजता जागोजागी खाल्ल्यासारखा दिसतोय का, दांडीवर तेल पाझरून धूळ चिकटलीय का, हे सगळं त्यांनी मला दाखवलं. डाव्याचा आणि उजव्याचा नंबर वेगळा असतो, डब्याचं सील आधी बघायचं, वरचं माउंटिंग जुनंच ठेवून नवा शॉकअप घालायचा नाही. आणि बदलायचे ते जोडीनंच. एकदा माझ्यादेखत एका मोठ्या गाडीचा मालक आला आणि फक्त डावीकडचा बदला म्हणून हटून बसला. मामांनी किल्ली त्याच्या हातात परत ठेवली. "एक म्हातारा अन् एक तरणा बैल जुंपला तर नांगर वाकडाच जातो. मला वाकडं काम जमत न्हाय."

मग आईच्या पाठीचं ऑपरेशन झालं. मणक्याचं. डॉक्टरांनी घरी सोडताना बजावलं, की आठवड्यातून दोनदा व्यायामाला जालना रोडवरच्या दवाखान्यात आणायचं आणि धक्का बसू द्यायचा नाही. रिक्षाचा तर विचारच नको. मी मामांना सांगितलं तेव्हा ते स्वतः घरी आले. मागच्या सीटवर फळी, फळीवर घडी घातलेली गोधडी, अशी बैठक त्यांनी आईला बसवून, विचारून विचारून तयार केली. "माय, इथं टोचतंय का? इथं?" आई त्यांना अरे-तुरे करायची. तिनं शेंगदाण्याची चटणी आणि दशम्या बांधून दिल्या. त्यानंतर ते कधीही आले की आई त्यांना चहा घेतल्याशिवाय सोडत नसे. "माझी पाठ आता तुझ्या हातात आहे रे बाबा," असं ती हसत म्हणाली होती. ते हात जोडून म्हणाले होते, "काळजीच करू नका, माय."

गाडीचा कोपरा दाबला तेव्हा ती चारदा डुलली. आता पुढचे शॉकअप बदलायलाच हवे होते. मामांनी नंबर लिहून दिला आणि मी जुन्या शहरातल्या दुकानातून जोडी आणली. दुकानदाराकडं तेवढी एकच जोडी उरली होती. पुढचा माल पंधरा दिवसांनी येणार होता. सील मी स्वतः तपासलं. सकाळी दोन्ही डबे मामांच्या हवाली करून गाडी तिथंच ठेवली आणि संध्याकाळी घ्यायला गेले. काढलेले जुने शॉकअप त्यांनी नेहमीसारखे गोणपाटावर मांडून ठेवले होते. तेलानं बरबटलेले, पार गेलेले. मी ते बघितले. गाडीखाली वाकून बघायचं मात्र माझ्या मनातही आलं नाही.

पहिल्याच फेरीत आई कण्हली. गाडी डुलत नव्हती, पण प्रत्येक खड्डा आत ठोसा मारल्यासारखा लागत होता. मी परत मामांकडे गेले. त्यांनी कोपरा दाबला आणि लगेच हात काढला. "नवं हाय ताई, थोडं कडक लागंल. महिनाभरात बसंल." मी घरी येऊन आईला तसंच सांगितलं. नवे आहेत, सवय होईल. आईनं ओठ घट्ट मिटून तो महिना काढला. दवाखान्यातून परतल्यावर ती अर्धा-अर्धा तास पलंगावर आडवी पडून छताकडं बघत असायची. दुसऱ्यांदा विचारायला गेले तर मामा म्हणाले, "रस्तेच तसले झालेत. शॉकअप तरी काय करंल?" मला तेही पटलं. एकदा तर मीच आईवर चिडले. म्हटलं, "अगं, इतकं करूनही तुझं आपलं चालूच." ते वाक्य मला अजून आठवतं आणि ते बोलणारं तोंड माझंच होतं.

तीन महिन्यांनी गाडी पुन्हा डुलायला लागली. टायर एका बाजूनं खाल्ला गेला म्हणून मी क्रांती चौकाजवळच्या एका टायरवाल्याकडं गेले. त्यानं गाडी वर घेतली, चाक काढलं आणि मला आत बोलावलं.

"मॅडम, हे शॉकअप कधी टाकले?"

"तीन महिने झाले. नवे आहेत."

तो हसला नाही. त्यानं बोटानं धूळ पुसली. नळीवर काळ्या रंगाचा थर होता आणि रंगाखाली वाटाण्याएवढी गाठ. "इथं भोक पाडून आत जाडं तेल भरलंय, मग वेल्डिंग करून वरनं रंग मारलाय. भरलेला माल आहे हा. सुरुवातीला दगडासारखा लागतो, दोन-तीन महिन्यांत पाझरतो. दुसरीकडं पण बघा, तसाच."

त्यानं बोट उचललं तरी मी त्या गाठीकडं बघतच राहिले.

दुसऱ्या दिवशी सकाळी पडेगावला गेले. मामा एका जीपखालून बाहेर आले. सवयीनं त्यांचा हात माझ्या गाडीच्या कोपऱ्याकडे गेला.

"दाबू नका," मी म्हणाले. "मी खालून बघून आले आहे."

हात तसाच थांबला.

"मी आणलेले शॉकअप कुठं आहेत, मामा?"

ते नाकारतील, दुकानदारावर ढकलतील, असं मला वाटलं होतं. खरं सांगायचं तर त्यांनी नाकारावंच असं मला वाटत होतं. भांडता आलं असतं.

"जावयाच्या गाडीला हायेत," ते म्हणाले.

मग खाली बघत त्यांनी सगळं सांगितलं. त्यांची मुलगी दौलताबादला दिलेली. जावई शेंद्र्याला कंपनीत. मुलीच्या दोन खेपा वाया गेलेल्या, तिसऱ्या खेपेला डॉक्टरांनी धक्का लागू देऊ नका म्हणून ताकीद दिलेली, आणि तपासणीला दर पंधरा दिवसांनी शहरात आणावं लागायचं. जावयाची गाडी माझ्या गाडीसारखीच. त्यानं कुठून तरी भरलेले शॉकअप बसवून घेतले होते. माझी गाडी गॅरेजात असताना नेमकी ती दोघं तिथं आली. मुलगी गाडीतून उतरली ती पोट धरून.

"तुमचा डबा माझ्याम्होरं उघडा व्हता, ताई. मी तुमचे तिला घातले अन् तिचे तुमाला. म्हनलं, पंधरा दिवसांत दुसरे येतील, मग बदलून टाकू."

"मग? पंधरा दिवसांनी?"

"आले व्हते दुकानात."

"का नाही आणलेत?"

"पुन्हा गाडी खोलायची तर तुमाला काय सांगनार व्हतो?"

"मी दोनदा येऊन विचारलं तुम्हाला. माझी आई रडायची बाकी होती, मामा. तुम्ही म्हणालात, कडक लागेल, बसेल."

"मायचं वय झालंय, ताई," ते हळूच म्हणाले. "माह्या पोरीचं आजून..."

पुढचं त्यांनी गिळलं. पण जे ऐकायचं ते मी ऐकलं होतं. त्यांनी दोघींना तोलून बघितलं होतं आणि माझ्या आईचं पारडं वर गेलं होतं. मी गाडीत बसले आणि निघाले. मिटमिट्याच्या पुढं गेल्यावर माझ्या लक्षात आलं, की मी घराच्या उलट्या दिशेनं चालले आहे.

आईला सांगितलं तेव्हा तिनं पहिलं विचारलं, "मुलगी कशी आहे त्याची?"

"मला काय माहीत!" मी ओरडले.

ती पदराशी चाळा करत बसली. मग म्हणाली, "मागितले असते तर आपण नाही म्हटलं असतं का? एवढंसं तर विचारायचं होतं."

रविवारी सकाळी मामा आले. बरोबर दोन नवे डबे, जॅक आणि हत्यारांची पेटी. फाटकातूनच म्हणाले, "सील तुम्ही फोडा." मी फोडलं. नंबर वाचले. डावा, उजवा. मग ते काम करत असताना मी खुर्ची घेऊन अंगणातच बसले, एखाद्या पहारेकऱ्यासारखी. त्यांनी एकदाही वर बघितलं नाही. स्प्रिंग दाबून धरणं, माउंटिंग बसवणं, चाक भुईवर टेकल्यावरच शेवटचे नट आवळणं, सगळं त्यांनी मला जसं शिकवलं होतं तसंच.

मध्येच आई काठी टेकत ओट्यावर आली.

"पोर बरी आहे का रे?"

"बरी हाय, माय. आठवा लागला."

"जप म्हणावं तिला."

"व्हय." ते पाना हातात धरून उभे राहिले. "माय, चूक झाली माझी."

"चूक म्हणजे एखादा नट ढिला राहणं," आई म्हणाली. आवाज अजिबात चढलेला नव्हता. "हे तू ठरवून केलंस. मी दर खेपेला कण्हायचे, ते तुला ठाऊक होतं."

मामांनी मान डोलावली. आई आत गेली. त्यांनी काढलेले शॉकअप गोणपाटात गुंडाळले, अंगणातल्या नळावर हात धुतले आणि पेटी उचलून फाटकातून बाहेर पडले. आमच्या घरातून ते चहा न घेता गेल्याची ती पहिलीच वेळ. आईनं विचारलं नाही, मीही नाही.

मंगळवारी आईला दवाखान्यात नेलं. ती मागं बसली आणि दोन्ही हातांनी सीटची कड धरली. रस्ता तोच होता, खड्डे तेच. गाडी त्यांच्यात उतरत होती आणि अलगद वर येत होती. बऱ्याच अंतरानंतर मी आरशात बघितलं. आईनं कड सोडली होती, हात मांडीवर होते आणि ती डोळे पुसत होती.

"दुखतंय का?"

"नाही गं. काही लागलंच नाही." थोड्या वेळानं म्हणाली, "हात फार चांगला आहे त्याचा. म्हणूनच राग जात नाही."

मी पडेगावच्या त्या गॅरेजवर पुन्हा गेले नाही. ज्यांना मी तिथं पाठवलं होतं ते अजून जातात आणि खूश आहेत. त्यांना मी काही सांगितलं नाही. सांगताना माझंच हसं होईल असं वाटलं, की त्यांचं नाव खराब करायला जीभ वळली नाही, हे मला नीट ठरवता येत नाही. आता कुठंही काम असलं तरी मी गाडीपाशी उभी राहते. मिस्त्री वैतागतात. वैतागू देत.

दोन-अडीच महिन्यांनी कॉलेजातला एक सहकारी पेढ्यांचा पुडा घेऊन घरी आला. "मामांनी दिलाय. त्यांच्या मुलीला मुलगी झाली. तुमच्या आईलाच द्या म्हणून सांगितलंय."

पुडा मी टेबलावर ठेवला आणि स्वयंपाकघरात गेले. परत आले तेव्हा आईनं तो उघडला होता. तिनं एक पेढा मोडून अर्धा तोंडात टाकला आणि उरलेला अर्धा माझ्यापुढं धरला.

"घे. बाळाचा आहे."

"मला नको."

तिनं हात बराच वेळ तसाच पुढं धरून ठेवला. मग तो अर्धाही तिनंच खाल्ला.