कुलूप दाखवा

आमच्या वन्सं फटकळ आहेत, हे मी लग्नाआधीपासून ऐकत होते आणि लग्न झाल्यापासून भोगतेय. एका गाळ्यात आम्ही दोघी बसतो. उजवीकडे त्या किल्ल्या करतात, डावीकडे मी बॅगांच्या चेन बदलते. नणंद-भावजय इतकी वर्षं शेजारी टिकल्या याचं गिऱ्हाइकांना नवल वाटतं. त्यात नवल कसलं? यंत्राच्या आवाजात आम्हाला एकमेकींचं निम्मं बोलणं ऐकूच येत नाही.

धंदा माझ्या सासऱ्यांचा. मुलाला त्यात रस नव्हता, लेकीने हट्टाने शिकून घेतला. त्यांचा एक नियमही तिने उचलला. अनोळखी माणसाने किल्ली आणली की आधी म्हणायचं, "कुलूप दाखवा." घर त्याचंच आहे अशी खात्री पटल्याशिवाय हात लावायचा नाही. यापायी कितीतरी गिऱ्हाइकं तणतणत पुढच्या चौकात जातात आणि मी कपाळाला हात लावते.

मग ते पुस्तक आलं, 'उंबऱ्यापलीकडचा मी'. ज्याच्या त्याच्या हातात तेच. म्हणे, आपली आयुष्यं अनेक असतात, शेजारी शेजारी चाललेली. एकात आपण हमाल, तर दुसऱ्यात मालक. झोपताना कुलूप नसलेली किल्ली मुठीत धरायची, मनातल्या मनात दार उघडायचं आणि हव्या त्या आयुष्यात शिरायचं. झालं! चांगली शिकली-सवरलेली माणसं आमच्याकडे येऊन बिनकुलपाची किल्ली मागू लागली. वन्संचं उत्तर ठरलेलं. माणसं आधी हसायची, मग चिडायची.

दुरुस्तीला आलेल्या एका बॅगेत ते पुस्तक सापडलं, तेव्हा मीही वाचून काढलं. पानोपानी दारं. हा दार उघडतो, तो दार उघडतो. पण आत आधीच कुणी राहत असेल, तर तिला विचारलं का, हे एका ओळीतही नाही! माझं डोकं तिथंच फिरलं.

एके दुपारी तो आला. कडक इस्त्रीचा शर्ट, गोड आवाज, काखेत पुस्तक. काउंटरवर किल्ली ठेवून म्हणाला, "हिच्यासारखी एक करून द्या."

किल्लीला प्लास्टिकची जांभळी टोपी होती. मी ओळखली, वन्संनीही ओळखली. गेल्याच महिन्यात एक नर्स आमच्याकडे आली होती, एक हात गळ्यात अडकवलेला. हात कुणी मोडला ते आम्ही विचारलं नाही, तिनेच सांगितलं. नवऱ्याला घराबाहेर काढलंय, कुलूप बदलून द्या, म्हणाली. वन्संनी स्वतः जाऊन नवं बसवलं. तिच्या लहानग्या लेकीला स्वतःची वेगळी किल्ली हवी होती. जांभळी टोपी तिनेच निवडली होती.

"कुलूप दाखवा," वन्सं म्हणाल्या.

"कुलूप घरी आहे, बाई. माझंच घर." त्याने पुस्तकावर हात ठेवला. "या जगात जरा बिनसलंय. पण पलीकडे ती अजून माझी बायकोच आहे. मी बेल वाजवली की हसत दार उघडते."

"मग किल्ली कशाला हवी?"

त्याने किल्ली पुढे सरकवली. मग म्हणाला, "तुम्हाला नाही कळायचं ते. तुम्ही फक्त किल्ली करा."

वन्संनी चष्मा नीट केला, किल्ली पकडीत आवळली आणि यंत्र सुरू केलं. माझ्या हातातली बॅग खाली पडली. "वन्सं!" मी ओरडले. त्या आवाजात त्यांना ऐकू आलं नसेल, किंवा आलंही असेल. पातं किल्लीच्या बरोबर मधून गेलं.

"एक तुकडा या जगातला, एक पलीकडचा," तुकडे त्याच्यापुढे टाकत त्या म्हणाल्या. "हवा तो उचल." तुम्हीवरून त्या सरळ तूवर आल्या होत्या.

गोड आवाज कुठल्या कुठे गेला. पोलिसांत जाईन, गाळा बंद पाडीन, काय काय बोलला.

"चल, मीही येते," वन्संनी पदर खोचला. "पुस्तक घे बरोबर. आणि ही किल्ली कुठून आणलीस तेही तिथंच सांग."

रस्त्यावरची माणसं जमायला लागली तसा तो सटकला.

आम्ही नर्सला फोन केला, गाळा बंद केला आणि तिच्या घरी गेलो. लेक आईला चिकटून उभी होती. शाळेच्या फाटकाशी बाबा भेटले होते, म्हणाली. "त्या जगात आपण तिघं एकत्र जेवतो, म्हणाले. मलापण नेणार होते. फक्त किल्ली दे, संध्याकाळी परत देतो, म्हणाले."

मोठ्यांना खुशाल मूर्ख बनवा, माझं काही म्हणणं नाही. पण आईचा हात मोडणाऱ्याला आईचंच दार उघडून द्यायला पोरीला लावायचं? लिहिणारा म्हणेल, मी असं कुठं लिहिलंय? नाही लिहिलं, बाबा. दाराआड कोण आहे, हेच तू लिहिलं नाहीस.

वन्संनी नवं कुलूप बसवलं. मग टोप्यांचा डबा उघडला आणि शोधून जांभळी काढली. "घे, तुझी आवडती."

पोरीने मान हलवली. डब्यात बोट फिरवत राहिली आणि शेवटी एक काळी उचलली, सगळ्यांच्या किल्ल्यांना असते तशी.

"ही द्या, आजी," ती म्हणाली. "जांभळी बाबा ओळखतात."