खालचा सूर

आमच्या हिचे हात लहान आहेत. लहान म्हणजे किती, तर हातमोजे घ्यायला गेलो की दुकानदार विचारतो, "नात कितवीत आहे?" आणि एवढ्याशा हातांनी बाईने उभा जन्म पियानो वाजवला. मी लिफ्टचा मेकॅनिक. जन्मभर लोकांना वर नेणारी यंत्रं दुरुस्त केली आणि स्वतः भाड्याने राहिलो तिसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नसलेल्या इमारतीत. हसा, हसा. सगळेच हसतात.

तिच्याकडे पियानो आला तो फुकट. तिचे वडील फर्निचरला पॉलिश करायचे. एका गिऱ्हाइकाने पियानो पॉलिशला टाकला आणि परत तोंड दाखवलं नाही. वडिलांनी वाट बघून बघून शेवटी तो घरी आणला आणि त्यावर कपड्यांच्या घड्या ठेवायला सुरुवात केली. ही घड्या बाजूला सारून वाजवायची. शिकवायला कोण? तर पियानो जुळवायला येणारे एक म्हातारे गृहस्थ. कानाने तीक्ष्ण, जिभेने त्याहून.

आता कॉर्ड म्हणजे काय, हे तिने मला लग्नानंतर शिकवलं होतं आणि मी लगेच विसरलो होतो. पण सोपं आहे. तीन सूर एकदम दाबायचे. सा-ग-प ही झाली एक कॉर्ड, म-ध-सा दुसरी, प-नि-रे तिसरी. ह्या तिघींच्या जिवावर म्हणे निम्म्या जगाची गाणी चालतात. ही पोर प्रत्येक कॉर्ड तिच्या मूळ सुरापासून धरायची. उचल हात, आपट पुढे. उचल, आपट. आधीच पंजा एवढासा, त्यात ही पळापळ, त्यामुळे गाणं धापा टाकायचं. म्हातारबुवा वैतागले. म्हणाले, "अगं, धावतेस कशाला? कुणी मागे लागलंय? सा पुढच्या कॉर्डमध्येही आहे ना? मग तो सोडू नकोस. ग-वरचं बोट शेजारी म-वर ने, प-वरचं ध-वर. सा-म-ध. तीच कॉर्ड, फक्त म वर गेला आणि सा खाली आला." तिथून बोटं जराशी मागे घेतली की नि-रे-प. हात जागचा हलला नाही आणि तिन्ही कॉर्ड वाजल्या! पुस्तकात ह्याला इन्व्हर्जन म्हणतात. आमच्या घरात "खालचा बदलला" म्हणतात.

त्या दिवसापासून बाईंनी मागे वळून पाहिलं नाही. गावच्या सार्वजनिक हॉलमध्ये मुलांच्या नाचाच्या क्लासला ती पियानो वाजवायला लागली ती आजतागायत. मुलं बदलली, शिक्षिका बदलल्या, हॉलचा रंगही बदलला, ही तिथेच. रागावणं नाही, रुसणं नाही. मी मात्र नाकावर माशी बसू न देणारा माणूस. आमचं जमलं कसं, असं लेक विचारते. मी म्हणतो, तुझ्या आईला विचार, ती म्हणते, तुझ्या बाबांना विचार. असं ते चाललेलं आहे.

मग मला झटका आला. डावी बाजू लुळी पडली. हॉस्पिटलातून सुटलो, पण घरी कसा जाणार? तिसरा मजला! लेकीचं घर तळमजल्यावर, म्हणून आम्ही दोघं तिथे. लेक गुणाची, जावईबापू तर देवमाणूस. पण त्यांचं घर म्हणजे दोन खोल्या, त्यात आम्ही सोफ्यावर. पाणी हवं तरी मागायचं, खिडकी हवी तरी मागायची. मी चिडचिडा होतोच, आता अगदी असह्य झालो. आमच्या घराला कुलूप, पियानो आत एकटा.

त्याच सार्वजनिक हॉलमध्ये सकाळी चालण्याचा वर्ग असायचा. माझ्यासारखे मोडलेले सगळे तिथे जमायचे. वर्ग घेणाऱ्या व्यायामाच्या बाई म्हणजे हेडमास्तरीणच. भिंतीशी खुर्च्या मांडलेल्या, आणि आम्ही हॉलला फेऱ्या मारायच्या. हिने बाईंना विचारलं, "पियानो आहेच इथे. मी वाजवू का? पायांना ताल मिळेल." बाई म्हणाल्या, वाजवा.

पहिल्या दिवशी हिने छान ठेक्यातलं काहीतरी वाजवलं आणि शेवटी झोकात समारोप केला. झालं! शेवटची कॉर्ड वाजली मात्र, सगळी पलटण खुर्च्यांकडे वळली आणि टेकली. पुन्हा उठवता उठवता हेडमास्तरणीच्या नाकी नऊ आले. दुसरं गाणं, तेच. वर्ग संपल्यावर बाई हिला म्हणाल्या, "रागवू नका, पण तुमच्या पियानोने माझे पेशंट बसायला लागलेत. उद्यापासून नको." हिचं तोंड एवढंसं झालं. "एकच दिवस द्या," म्हणाली.

दुसऱ्या दिवशी काय झालं ते मला कळलंच नाही. गाणं संपत आलं म्हणून मी खुर्चीकडे बघावं आणि ते संपूच नये. आता संपेल, आता संपेल, म्हणत पाऊल पुढेच पडायचं. माझ्यामागे चष्म्याच्या दुकानाचे मालक असायचे, चार पायांची काठी घेऊन. ते ओरडले, "अहो, थांबा की जरा! तुम्ही थांबलात तर मला थांबता येईल."

"मी केव्हाचा थांबतोय," मी म्हणालो, "पाय ऐकत नाहीत."

हेडमास्तरीण हाताची घडी घालून बघत होती. हसली नाही, पण पियानो बंद करा असंही म्हणाली नाही.

माझ्या डोक्यात किडा वळवळायला लागला. मेकॅनिकची सवय आहे, आवाज कुठून येतो ते आधी शोधायचं. फेरीत पियानोजवळून जाताना मी हिचा डावा हात बघायला लागलो. गाण्याच्या शेवटी तिची करंगळी कुठे पडते, हे मी वर्षानुवर्षं बघितलेलं. इथे ती तिथे पडतच नव्हती! वरचं सगळं शेवटासारखं, खालची करंगळी भलतीकडे. संध्याकाळी लेकीच्या स्वयंपाकघरात मी तिला गाठलं.

"तू आम्हाला फसवतेस."

"हो," ती म्हणाली. भांडी पुसत होती, वरसुद्धा बघितलं नाही.

"हो काय हो! काय करतेस तेवढं सांग."

"काही नाही. सूर तेच तीन. खालचा बदलते." मग हातातलं फडकं खांद्यावर टाकून तिने मला समजावलं. "सा खाली असला ना, की पाहुणे त्यांच्या घरी पोचले, दिवे बंद. ग खाली आला की पाहुणे उठलेत, पण अजून दाराशी गप्पा चालल्यात. आणि प खाली आला की चपला घालून जिन्यात उभे, तरी 'बरं का, एक सांगायचं राहिलंच' चालू. त्यांना कुणी बसा म्हणेल का? तुम्हीही बसत नाही."

"आता मला कळलंय. उद्या बघ, मी बसतोच."

"बसा की."

दुसऱ्या दिवशी मी ठरवून गेलो होतो. करंगळीवर डोळा ठेवून होतो. ती भलतीकडे पडली, मला दिसली, आणि तरी पाऊल पुढे गेलं! माहीत असून उपयोग शून्य. इतका राग आला, की त्या रागात आणखी एक फेरी झाली.

असं बरं चाललं होतं, तेवढ्यात घरमालकाचा निरोप आला. घर ठेवताय की सोडताय, महिनाअखेर सांगा. लेक म्हणाली, "बाबा, सोडूया. तुम्ही इथेच राहा, आम्हाला काही जड नाही." जावईबापूंनी दोनदा दार मोजलं, एकदा भिंत मोजली. पियानो काही आत येत नव्हता. तो कुणाला तरी देऊन टाकावा लागणार होता.  ही एकच ताटली पुन्हा पुन्हा पुसत राहिली.  मला माझं घर हवं होतं हे खरं, पण त्या ताटलीकडे बघून माझ्या लक्षात आलं, की हिचं तर सगळंच जाणार आहे, आणि ते माझ्या एका पायापायी.

आपल्या घरी परत राहायला जाता येईल का, असं मी हेडमास्तरणीला विचारलं. ती म्हणाली, "जिना स्वतःच्या पायांनी चढा. दम लागला तर उभं राहून घ्या. पण मधे बसलात, तर घर विसरायचं. एकदा बसलेलं माणूस जिन्यात उठत नाही, मी बघितलंय." आणि साक्षीला जावईबापूंना नेमलं. अहो, ह्या माणसाला खोटं बोलता येत नाही! आम्ही कितीही विनवण्या केल्या असत्या, तरी गड्याने जाऊन खरंच सांगितलं असतं.

ठरल्या दिवशी निघालो. मी पुढे, कठड्याला उजवा हात. शेजारी ही, मागे लेक. आणि सगळ्यात मागे जावईबापू घडीची खुर्ची घेऊन! "असू दे, बाबा, वेळप्रसंगी," म्हणाले. अहो, ज्याला बसायचं नाही त्याच्यामागे खुर्ची घेऊन चालायचं? पण त्यांना काय बोलणार.

पहिला मजला झाला. दुसऱ्याच्या वळणावर डावा पाय थरथरायला लागला. उभं राहून दम घेतला, पण पाय शांत होईना. घाम फुटला. मागे खट्‌ असा आवाज झाला. जावईबापूंनी खुर्ची उघडली होती. ती खुर्ची इतकी गोड दिसली म्हणता, मला वाटलं, मरू दे घर, मरू दे पियानो, आधी टेकू.

"अहो," ही म्हणाली, "सूर धरा."

"काय?"

"मी वरचा सा धरते. पोरगी मधला प धरेल. खालचा तुम्ही. ग."

"मला सा येतो."

"सा धरलात तर बसाल. ग धरा म्हणते ना!"

उभ्या संसारात बाई पहिल्यांदा माझ्यावर ओरडली. मी घाबरून ग धरला. कसला ग, रेडा हंबरतो तसा. पण तिने वर सा लावला, लेकीने मधे प लावला, आणि त्या जिन्यात काय ते भरलं! पाहुणे दाराशी, गप्पा अर्ध्यावर. मी पाय उचलला. दम संपला की थांबायचं, श्वास घ्यायचा, पुन्हा सूर. दुसऱ्या मजल्यावरच्या शेजारीणबाईंनी दार उघडून विचारलं, "काय झालं? कोण गेलं?"

"कुणी गेलं नाही," मी म्हणालो, "मी येतोय." आणि पुन्हा ग धरला. त्यांनी दार लावून घेतलं.

शेवटच्या पायऱ्यांना सूर वगैरे काही उरला नव्हता, नुसतं कण्हणं होतं. पण आमच्या दारापर्यंत मी उभ्याने पोचलो. जावईबापूंनी खुर्चीची घडी घातली आणि डोळे पुसले. मग लेक आणि जावईबापू पिशव्या आणायला खाली गेले, दूध-साखरेची पिशवी तेवढी लेकीने येतानाच वर आणली होती.

घरात कोंदट वास, सगळीकडे धूळ. हिने खिडकीसुद्धा उघडली नाही. सरळ पियानोशी गेली, झाकण उघडलं आणि वाजवायला लागली. दोन-चार पट्ट्या बेसूर झाल्या होत्या. मी कपाटाला धरून उभा. गाणं शेवटाला आलं, आणि तिथे बाईंनी प खाली ठेवला आणि हात मांडीवर घेतले.

"अगं, संपव की! मला बसायचंय."

"उभे आहातच, तर चहा टाका ना," ती म्हणाली. पाठमोरीच.

काय म्हणायचं ह्याला? पण मी गेलो. भिंतीला धरत, ओट्याला धरत. उजव्या हाताने पातेलं घासलं, चहा टाकला, साखर टाकली. दोन कप एका हाताने आणता येईनात, म्हणून आधी तिचा नेऊन दिला, मग माझा आणला. तिने घोट घेतला.

"साखर राहिली."

"टाकली होती मी."

"राहिली, हो."

पुन्हा गेलो. साखरेचा डबा काखेत धरून भिंतीभिंतीने परत आलो, तर तिचा कप अर्धा झालेला, आणि ती माझ्याकडे बघत होती. माझ्याकडे म्हणजे, चालत येणाऱ्या माझ्या पायांकडे. गालावरून पाणी वाहत होतं, ते पुसायचंही तिच्या लक्षात नव्हतं. मी तिच्या कपातला घोट घेऊन बघितला. साखर होती. चांगली दोन चमचे होती.  मी डबा उचलला आणि तो जागेवर ठेवायला पुन्हा स्वयंपाकघरात गेलो.