मालतीताई गप्प राहिल्या, तुम्ही बोलत राहिलात

मालतीताई गेल्याचं मला त्यांच्या शेजारणीने फोनवर सांगितलं, आणि त्याच संध्याकाळी पनवेलभर ‘फार थोर बाई होती’ सुरू झालं. महिना उलटला, माझा राग काही उतरत नाही.

ताई फ्रेंच शिकवायच्या. खारघरच्या इमारती शेजारच्या ओवे गावाला भिडू लागल्या होत्या, तो काळ. वाचनालयाच्या सभागृहात त्या अधूनमधून जुने फ्रेंच चित्रपट दाखवायच्या. प्रोजेक्टर मी सांभाळायचो. एकदा मूकपट होता. गावाने खोटा ठपका ठेवलेली एक बाई, आणि खरा गुन्हेगार कोण, तर सगळे वाकून नमस्कार करतात तो गृहस्थ. पडद्यावरच्या पाट्या ताई मराठीतून वाचत होत्या. शेवटी बायका पदराने डोळे पुसत होत्या. वाचनालयाचे अध्यक्ष म्हणाले, “लोक किती निर्दय असतात हो.”

त्यानंतर थोड्याच दिवसांत ओव्याची भारती, ताईंकडे शिकवणीला येणारी कॉलेजातली मुलगी, कपड्यांची पिशवी घेऊन त्यांच्या दारात उभी राहिली. घरी जायला तयार नव्हती. का, ते तिने फक्त ताईंना सांगितलं आणि कुणालाही न सांगण्याचं वचन घेतलं. ताईंनी तिला ठेवून घेतलं, मग नर्सिंग शिकायला पुण्याला पाठवलं. झालं... ‘म्हातारीने पोरगी पळवली’, ‘कुठे विकली असेल’. शिकवण्या बंद पडल्या. अध्यक्षांनी सभागृह नाकारलं. पडद्यावरच्या परक्या बाईसाठी रडलेल्या त्याच बायका मंडईत ताईंना पाहून रस्ता बदलायच्या. मी न राहवून म्हटलं, “ताई, खरं काय ते एकदा सांगून टाका.”

“ते माझं नाही रे सांगायला,” एवढंच म्हणाल्या. शेवटपर्यंत तेवढंच.

शोकसभेला हे सगळे पुढच्या रांगेत. भाषणं रंगात आली असताना मागून भारती उठली. आता ती पुण्यात परिचारिका आहे.

“ज्या चुलत्याला सगला गाव मान देतो, तो मना छळायचा,” ती म्हणाली. “घरात कोनी आयकलं नाय. ताईंनी आयकलं. तुमी त्यांना काय काय बोललात ते मना ठाव हाय. एकानं तरी त्यांना इचारलं काय?”

मग अध्यक्षांनी घसा खाकरला. “आपण दोन मिनिटं स्तब्ध उभे राहू या.”

सगळे उठले. माना खाली घातल्या. भारती तेवढी खुर्चीत बसली, पुढच्यांच्या पाठींकडे बघत. मी तिच्या शेजारी जाऊन बसलो.