चापटीची वाट

भाचीच्या हळदीला डीजे म्हणून निखिल आणि बंटी आले होते. दोघं शिकले आमच्याच इमारतीच्या पार्किंगमध्ये. तेव्हा हेडफोन एकच होता, त्याची एक बाजू याच्या कानाला, दुसरी त्याच्या. एकाचा हात चुकीच्या वेळी बटणाकडे गेला की दुसरा फटकन चापट मारायचा. आता पोस्टरवर दोघांचं मिळून एक नाव असतं, हेडफोन मात्र दोन.

मला त्या संगीतातली धडधड तेवढी कळते. गाणं संपत आलं तसे पुढचं लावायला दोघांचे हात एकदमच गेले, आणि दोघांनीही ते अदबीनं मागे घेतले. तू लाव, नाही, तू लाव. तेवढ्यात गाणं संपलंच. नाचणाऱ्यांचे हात वरच राहिले.

शांतता क्षणभराचीच, पण मी त्या मागे घेतलेल्या हातांकडेच बघत राहिले. जवळची माणसं एकमेकांशी इतकी जपून कधीपासून वागायला लागतात, हे आपल्याला वेळेवर कळतं का?

जेवताना निखिलला विचारलं, “काय रे, भांडलात की काय?”

“छे हो काकू,” तो हसून म्हणाला, “आता आम्ही भांडतच नाही.”

जेवणानंतरची सगळी गाणी अचूक लागत गेली. मी मात्र त्या चापटीची वाट बघत बसले.