हेडमास्तरचं पथ्य

"सार, चाखून घ्या ना लवकर! पोरं ताटं वाजवून राह्यले!" कमळाबाई चुलीपासून ओरडत होती, आणि मी ऑफिसच्या खिडकीआड दडून बसलो होतो.

ही गोष्ट परवापर्यंत मी कुणालाच सांगितली नव्हती. तुम्ही म्हणाल, याच्या पोटात गोष्ट राहते होय? खरंय. नार्नूरच्या रस्त्यावर माझी पंक्चर सायकल वाघानं ढकलत आणून दिली, हे बोथपासून भैंशापर्यंत मीच सांगत फिरलो. लोक हसायचे, चहा पाजायचे, आणि एक अक्षर खरं मानायचे नाहीत. पण ही — ही नाही सांगितली.

तेव्हा राज्य फुटलं नव्हतं, आमचा मुलूख अजून आंध्रातच होता. बोथजवळच्या एका खेड्यात मराठी शाळेचा मी हेडमास्तर. शाळेत दुपारचं जेवण नुकतंच सुरू झालेलं. नियम असा, की पोरांना वाढण्याआधी हेडमास्तरनं घास चाखायचा. कापूस वेचणं सोडून कमळाबाई स्वयंपाकाला लागली होती. बौद्ध वस्तीतली. तिची लेक तिसरीत, पंगतीत सगळ्यात पुढे बसलेली.

वरणाला लसणाची फोडणी होती. वास असा, की — हे वाढवून सांगत नाही — तोंडाला पाणी सुटलं. भूकही होती. मग हात का पुढे गेला नाही? कुणी अडवलं होतं? घरचे काय म्हणतील, असं सांगू? घरी कळणारही नव्हतं. नाही — हात माझाच होता.

बाहेर आलो आणि तोंडातून थाप निघाली. म्हटलं, भैंशाच्या डॉक्टरनं माझं आतडं बाहेर काढलं, धुतलं, दोरीवर वाळवलं, पुन्हा आत भरून टाके घातले — आता परका घास गेला तर टाके उसवतील. पथ्य आहे.

पोरं हसली. मास्तर लोक हसले. कमळाबाईही हसली — आणि मग पळी हातात घेऊन तशीच उभी राहिली.

दुसऱ्या दिवशी सरपंचाचा नातू म्हणाला, "सार, आमालेबी पथ्य हाय." मग घरचे डबे यायला लागले. बघता बघता अर्ध्या शाळेचं आतडं बिघडलं. असा रोग पाहिलाय कुठे, जो एका वस्तीची पोरं सोडून बाकी सगळ्यांना होतो? शाळेची समिती बसली. तिथं कुणी जात काढली नाही, बरं का. एकदाही नाही. "पोरायले जेवण मानवत नाई," एवढंच झालं. आणि मी अध्यक्षांच्या शेजारी — पोटावर हात ठेवून, मान हलवत.

कमळाबाई पुन्हा कापसात गेली. नवी बाई आली, आमच्यातली. पहिल्याच दिवशी मी वाटीवर वाटी वरण रिचवलं. टाके कसे भरून आले, हे कुणी विचारलं नाही. वाघाची गोष्ट हसण्यावारी नेणाऱ्या गावानं आतड्याची गोष्ट मुकाट मानून घेतली. मला तेव्हा वाटलं, आपली कला वाढली.

कला कसली? शाळेला, समितीला, गावाला जे करायचं होतं त्यासाठी एक सभ्य शब्द हवा होता. तो मी पुरवला.

पेन्शनीत निघून बरीच वर्षं झाली. परवा तिच्या दारात गेलो आणि उभ्या-उभ्या सगळं सांगून टाकलं. आयुष्यात पहिल्यांदा काही न वाढवता बोललो. छातीवरचं जातं उतरावं तसं झालं — अजूनही तसंच आहे, लिहिताना बोटंसुद्धा हलकी वाटतात. हे हलकेपण माझं. तिच्या काही कामाचं नाही, हे कळतं मला.

शेवटी म्हटलं, "कमळाबाई, माझं पोट ठणठणीत होतं. मी खोटं सांगितलं, अन् गावाला ते खरं वाटलं."

ती तूर पाखडत होती. सूप थांबलं नाही.

"खरं कोणालेच नव्हतं वाटलं, सार."